सोमवारी मांडलेला रविवार

फालेतोआ, उपोलू
मंगळवार, १७ जानेवारी २०१२

अकेनेसे,

काल, सोमवार दिनांक १६ जानेवारी, दुपारी बारा वाजून चाळीस मिनिटांनी पांगोपांगोहून येणारं विमान इथं उतरलं आणि त्यातून तू उतरली नाहीस. अकरा माणसं उतरली; मी मोजली. शेवटचा इसम खांद्यावर मोटारीचं टायर घेऊन आला आणि त्याच्यामागून शिडी काढून घेतली. मी चाफ्याचा हार हातात धरून उभी होते. तो टायरवाला हाराकडे असा बघत होता, की त्यालाच घालून मोकळं व्हावं असं मला वाटलं.

तुझी चिठ्ठी माझ्यासमोर आहे. जहाजावरच्या फिलिपोनं ती नेहमीसारखी शर्टाच्या खिशात घामानं भिजवून आणली, पण अक्षर लागतं. ‘ताई, रविवारी १५ तारखेला जेवायला येते. एक गोष्ट समोरासमोर विचारायची आहे.’ चार वर्षांनी घरी येणार, आणि दोन वाक्यं!

आता नीट वाच. गेल्या महिन्यात आमच्या सरकारनं आम्हाला गुरुवारी झोपवलं आणि शनिवारी उठवलं. ३० डिसेंबर, शुक्रवार, हा दिवस आमच्या देशात झालाच नाही. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडशी व्यापार सोपा व्हावा म्हणून वाररेषा आमच्या पश्चिमेकडून उचलून पूर्वेला नेली, म्हणजे तुझ्यामाझ्या बरोबर मधून. दोन वर्षांपूर्वी रस्त्याची बाजू बदलली, आता तारखेची. उद्या चपला कुठल्या पायात घालायच्या तेही सांगतील. तेव्हा माझ्याकडे सोमवार असतो तेव्हा तुझ्याकडे रविवार असतो. अडतीस वर्षं मी मुलींना भूगोल शिकवला. तू अमेरिकेच्या झेंड्याखाली मासे साफ करत बसलेली. तुला हा हिशेब जमणार नाही हे धरून तो मी केला. तुझा रविवार म्हणजे माझा सोमवार.

आणि मग मी काय केलं ते ऐक. तू रविवारचं जेवण म्हणालीस. सोमवारी कुणी रविवारचं जेवण करत नाही. म्हणून मी सोमवारी रविवार मांडला. पहाटे उठून चुलीचे दगड तापवले. अळूच्या पानांत नारळाचा रस बांधला, नीरफणस भाजले, डुकराचं पिल्लू तापल्या दगडांत भाजायला पुरलं. धूर वर चढला तशी शेजारची लोसा धावत आली. “बाई, सोमवारी दगड? कोण वारलं?” म्हणाली. मी म्हटलं, “कुणी नाही. माझी बहीण जिवंत आहे, म्हणून.” शाळेत निघालेल्या पोरी कुंपणाशी उभ्या राहून हसल्या. ज्यांच्या आयांना मी बाकावर उभं केलं होतं त्या पोरी! हे सगळं मी सहन केलं आणि विमानतळावर गेले.

परत येऊन चटई घातली, दोन पानं वाढली, माश्या वारल्या. तीन वाजता पानं उचलली. सगळं जेवण प्रार्थनामंदिराच्या वाटेवरच्या घरात देऊन टाकलं. कालच्या रविवारचं उरलंय म्हणून सांगितलं. त्यांना पटलंही, कारण दर रविवारी मिस्सा झाली की माझ्याकडे चौदा-पंधरा पानं उठतात. मी एकटी बसलेली असते असं तुला वाटत असेल तर ते डोक्यातून काढून टाक.

भरीत भर म्हणजे आईच्या थडग्यावर कुणीतरी पिसुपोचा डबा ठेवून गेलंय, लाल फीत बांधून. रविवारी संध्याकाळी पाहिला. लोसाचंच काम. तिला वाटतं मेलेली माणसं खारं मांस डब्यातून उघडून खातात.

तुला काय विचारायचं होतं ते मला ठाऊक आहे. तुझ्या लेकीनं, फेतूनं, अँकरेजहून तिकीट पाठवलंय. फिलिपोच्या तोंडाला झाकण नाही. माझी परवानगी घेऊन गेलीस की तिथल्या बर्फात मन खाणार नाही, एवढंच ना? दिली. जा. त्यासाठी माणसाला विमानतळावर हार घेऊन उभं करायचं नसतं.

आणि ‘फोन का नाही केलास’ असं लिहू नकोस. आईला माती दिल्यावर फोन तूच आपटलास. तेव्हापासून जे काय ते कागदावर.

पेलेनातेते


पांगोपांगो, तुतुइला
शनिवार, २१ जानेवारी २०१२
(तुझ्याकडे रविवार)

ताई,

मी आले होते. रविवारीच आले होते. तुझ्या रविवारी.

चिठ्ठी लिहिताना मी तुझी तारीख धरली. म्हटलं, आपल्यासाठी ताईला बोटं मोजायला लागू नयेत. म्हणून इथून शनिवारी सकाळी निघाले आणि अर्ध्या तासात तुझ्या रविवारी उतरले. माशांच्या कारखान्यातल्या सगळ्याजणींना आता हा हिशेब येतो. निम्म्या बायकांची माहेरं तुमच्या बाजूला आहेत. कामाच्या पट्ट्याशी उभ्या राहून आम्ही एकमेकींना विचारतो, “तुझी आई आज कुठल्या वारात गं?” आणि हसतो.

तू माझ्या रविवारचा तुझा सोमवार केलास. मी आधीच करून दिलेलं तू पुन्हा केलंस. दोघींनी मिळून एक दिवस जास्त धरला.

तुझ्या घराला कुलूप होतं. आख्ख्या गावात घरांना भिंती नाहीत, आणि तुझ्या घराला कुलूपही. पायरीवर थोडी बसले. मग आईपाशी बसले. डबा मीच ठेवला. लोसाला बोलू नकोस. आईला पिसुपो आवडायचा आणि तू तिला देत नव्हतीस, रक्तदाब आहे म्हणून. आता कसला रक्तदाब?

चार वाजताच्या विमानानं परत आले. दुसऱ्या दिवशी कामाची पाळी होती.

तू सोमवारी दगड तापवलेस ते मी दोनदा वाचलं. तिसऱ्यांदा वाचवेना.

फेतूचं तिकीट २ एप्रिलचं आहे. तू जा म्हणालीस तेही वाचलं. पण मला विचारायचं होतं ते हे नव्हतं. जाऊ दे.

अकेनेसे


फालेतोआ
रविवार, २९ जानेवारी २०१२

अकेनेसे,

खोटं बोलायचंच होतं तर जरा बरं बोलायचंस.

पहिली गोष्ट, डब्याची बातमी मीच तुला लिहिली. ती तू मलाच परत विकतेस? आमच्या शाळेतल्या सिस्टर ओडील असत्या तर दोन्ही तळहात पुढे करायला लावून पट्टी मारली असती. एक खोटं बोलल्याबद्दल आणि दुसरी ते गबाळं बोलल्याबद्दल. पिसुपोचे डबे कुठंही मिळतात.

दुसरी गोष्ट, रविवारी मी घरीच होते. घरात चौदा माणसं जेवत होती. कुलूप कुणी पाहिलं?

तिसरी. ‘तुझी तारीख धरली’ म्हणे! माणसाच्या पत्रावर त्याच्या स्वतःच्या गावची तारीख असते. हे कुणालाही विचार. तू तुतुइलात बसून उपोलूचा वार लिहिणार आणि चूक माझी? मी भूगोल शिकवला आहे, ज्योतिष नाही.

तुला इतिहास कधीच आवडला नाही, पण आता ऐकून घे. १८९२ साली ही वाररेषा अशीच एकदा हलवली होती, उलट्या बाजूला, अमेरिकेच्या व्यापाऱ्यांना सोयीचं व्हावं म्हणून. त्या वर्षी ४ जुलै दोनदा आला. सोमवारनंतर पुन्हा सोमवार. आपली पणजी ते सांगायची, आठवतं? पहिल्या सोमवारी तिचं नवऱ्याशी भांडण झालं आणि दुसऱ्या सोमवारी तिनं ते नीट मिटवलं. म्हणायची, देव प्रत्येकाला असा एक दिवस देतो. मग सात वर्षांनी लांबच्या कुठल्यातरी खोलीत बसून मोठ्या देशांनी आपली बेटं वाटून घेतली. आमच्याकडे जर्मन आले, तुमच्याकडे अमेरिकन. ज्यांची भांडी एका चुलीवर होती त्यांची दोन राज्यं झाली. जर्मन गेले, न्यूझीलंडवाले आले, तेही गेले, आम्ही स्वतंत्र झालो. तुम्ही नाही झालात. तुम्हाला डॉलर आवडले. म्हणून तू एकोणिसाव्या वर्षी गेलीस आणि मी राहिले. आईजवळ कुणीतरी राहायला हवं होतं.

त्या पणजीला जास्तीचा दिवस दिला आणि माझ्याकडून तो परत घेतला. मी तर तेव्हा कुणाशीच भांडत नव्हते.

लोसा म्हणते, त्या रविवारी पांढरी टोपी घातलेली कुणी बाई आली होती. लोसाच्या एका डोळ्यात मोतीबिंदू आहे, आणि रविवारी आमच्याकडे सगळ्याच बायका पांढरी टोपी घालतात. मी तिला गप्प बसायला सांगितलं.

तुला खरंच काय विचारायचं होतं, ते मी विचारणार नाही. तूच ‘जाऊ दे’ म्हणालीस.

पेलेनातेते


पांगोपांगो
शनिवार, ४ फेब्रुवारी २०१२

ताई,

हे लिहायचं नाही असं मी ठरवलं होतं. पण तू मला खोटी म्हणालीस. तू मला आळशी म्हण, जाडी म्हण, अमेरिकन म्हण. खोटी म्हणू नकोस.

घराला कुलूप बघून मी लोसाच्या घरी गेले. त्यांच्याकडे माणसं जेवत होती. लोसा म्हणाली, “अगंबाई, अकेनेसे! बस, पान घेते.” मी म्हटलं, “ताई कुठे आहे?” तर ती म्हणाली, “बाई रविवारी घरी कुठे असतात? शाळेत जातात. संध्याकाळच्या घंटेपर्यंत तिथंच.” मी म्हटलं, “आणि तिच्याकडची जेवणारी माणसं? दर पत्रात लिहिते ती?” लोसानं माझ्या हातात एक नीरफणस दिला. ताई, त्या नीरफणसावरूनच मला सगळं कळलं. आम्ही हाका मारतो, पण त्या येत नाहीत, घरी पाहुणे आहेत म्हणतात, एवढंच ती नंतर म्हणाली.

‘मी आल्याचं मीच ताईला सांगेन, तू बोलू नकोस,’ असं लोसाला बजावून मी शाळेत आले. तुझ्या वर्गाच्या मागच्या खिडकीशी, जिथं काचेच्या पट्ट्या मोडल्या आहेत तिथं उभी राहिले. तू शिडीवर होतीस. समोर तो भिंतीवरचा मोठा नकाशा, जो तू तरुणपणी स्वतः रंगवलास, एकेक बेट. मी सुट्टीत आले होते तेव्हा निळा रंग मीच ढवळून दिला होता. आपल्या पश्चिमेची जुनी लाल रेघ तू खरवडून काढली होतीस. तिथं निळा रंग नवा दिसत होता. तुझ्या हातात कुंचला होता, लाल रंगाचा. नवी रेघ काढायची होती, उपोलू आणि तुतुइलाच्या मधून.

तू कुंचला नेलास. थांबलीस. खाली आणलास. पुसलास. पुन्हा बुडवलास. मी तासभर उभी होते, ताई. आपल्या बेटांच्या कुठल्याच बाजूला रेघ नव्हती. एकदा तू तुतुइलावर बोट ठेवून म्हणालीस, “अशी दूर जाऊन बसलीस, मेले!” आणि मग रंगाचा डबा झाकलास.

तू म्हणशील, हाक का नाही मारलीस? सांगते. मी लहानपणापासून तुला घाबरते. तुला काय करायचं ते माहीत नाही असं मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. मी आत आले असते, तर मी तुला तसं पाहिलं हे तुला कळलं असतं. मग तू मला कधीच माफ केलं नसतंस. विमानाचीही वेळ झाली होती. नीरफणस हातातच होता. तो मी टॅक्सीत खाल्ला.

आता मला काय विचारायचं होतं ते ऐक. कारखान्यातल्या जुन्या बायकांना मार्चअखेर घरी बसवताहेत. फेतू म्हणते अँकरेजला ये, आई, खोली तयार आहे. तिथं आपली खूप माणसं आहेत, चर्चही आहे. फेतू चांगली आहे. पण तिथं मी पाहुणी असेन. मला विचारायचं होतं: मी फालेतोआला येऊन राहू का? आईच्या खोलीत.

पण तू जा म्हणालीस. आणि आईच्या दफनाच्या दिवशी सगळ्या गावासमोर म्हणालीस, “मागे हो, आईला माशांचा वास सोसायचा नाही.” तेहतीस वर्षं मी पट्ट्याशी उभी होते, ताई. तो वास आता जायचा नाही. म्हणून लेखी विचारते आहे. समोरासमोर विचारायला आले होते, ते जमलं नाही.

अकेनेसे


पांगोपांगो
शनिवार, १० मार्च २०१२

ताई,

पाच आठवडे झाले. फिलिपो दर खेपेला शर्टाचा खिसा उलटा करून दाखवतो. शेवटी त्याला मीच म्हटलं, राहू दे रे.

फेतूनं जाड कोट पाठवला आहे. घालून पाहिला. पांगोपांगोच्या मार्चमध्ये कोट घालून आरशासमोर उभी राहिले, तर शेजारीण पोट धरधरून हसली. मग दोघी हसलो. मग ती घरी गेली.

२ एप्रिलला जाते. हे विचारण्यासाठी लिहीत नाही. कळवते आहे.

अकेनेसे


फालेतोआ
रविवार, १८ मार्च २०१२

अकेनेसे,

तुझ्या ४ फेब्रुवारीच्या पत्राला मी सहा उत्तरं लिहिली आणि सहाही चुलीत घातली. पहिल्यात तुला चोरून पाहिल्याबद्दल झापलं होतं. ते पत्र फार चांगलं उतरलं होतं. परक्या खिडकीशी तासभर उभं राहणाऱ्या बाईला काय म्हणतात ते तुला माहीत आहे, तेव्हा ते पुन्हा लिहीत नाही.

आता मुद्द्याचं. मी सरळ लिहिणार आहे. मध्ये रडू नकोस, शाई फिसकटते.

चूक झाली. कुणाची ते लिहीत नाही. तुझ्या त्या शब्दांत, ‘दोघींनी मिळून’, तू निम्मी चूक स्वतःकडे घेतलीस. ती मी परत पाठवते आहे. तुझी नव्हती. जिनं अडतीस वर्षं वाररेषा शिकवली तिला, आपल्या बहिणीलाही एखादी गोष्ट येत असेल, एवढं सुचलं नाही.

चौदा माणसं नव्हती. कधीच नव्हती. शाळेतून निवृत्त झाल्यावर पहिल्या वर्षी लोक बोलवायचे. मी कुणाची भात करपला म्हणून चूक काढली, कुणाच्या पोरीचं वाचन काढलं. मग बोलावणं आलं तरी त्यांच्या तोंडावर भीती दिसायला लागली. ती बघण्यापेक्षा पाहुणे आहेत म्हणणं सोपं. रविवारी मी पाव आणि चहा घेते, उभ्यानं. चटई एकटीसाठी घालायची म्हणजे ती पुन्हा गुंडाळावी लागते.

नकाशाचं. नव्या मुख्याध्यापिकेनं सांगितलं, “बाई, तुमचा नकाशा आहे, तुम्हीच दुरुस्त करा, शाळातपासणी आहे.” जानेवारीपासून दर रविवारी गेले. रविवारी काम करणं पाप आहे. ते मी पाद्र्यांजवळ कबूल केलं. त्यांनी विचारलं, “काम झालं का?” मी म्हटलं, “नाही.” ते म्हणाले, “मग कसलं पाप?” आजकालचे पाद्री!

आज रेघ काढली. तुझं पत्र जवळ ठेवून काढली, म्हणून सांगते. खोटा नकाशा मी कधी शिकवला नाही आणि आता शिकवणार नाही. रेघ आहे तिथं आहे. तुतुइलाजवळ हात हलला, तिथं ती वाकडी आलीय. पुसली नाही. शिडीवरून उतरून लांबून पाहिली. तेव्हा कळलं, की ती नुसता रंग आहे. फिलिपो तिच्यावरून दर आठवड्याला जातो आणि त्याला अजून एकदाही ठेच लागलेली नाही.

आणखी एक. हे लिहायला मला सगळ्यात जास्त वेळ लागला. आईला माशांचा वास आवडायचा. शेवटच्या महिन्यात ती दाराशी बसायची आणि वारा पूर्वेकडून आला की म्हणायची, “अकेनेसेचा वास येतोय का बघ गं.” सत्तर मैलांवरून! मला येत नव्हता. मी जवळ होते, रोज तिचं अंग पुसत होते, आणि ती तुझा वास घेत होती. म्हणून दफनाच्या दिवशी तसं बोलले. ते खोटं होतं. गावासमोर बोलले होते, म्हणून आज मिस्सेनंतर गावासमोरच परत घेतलं. लोसा रडली. तिला रडायला काही लागत नाही.

आईची खोली झाडली आहे. चटई उन्हात घातली. कुलूप काढून विहिरीत टाकलं. किल्ली कुठे आहे ते मला माहीत नाही. गावात कुणाला कुलूप नाही, मग मलाच कशाला?

फेतू चांगली मुलगी आहे हे मी मान्य करते. तिच्या कोटाचा काय उपयोग करायचा ते तिला तू कळव. तिला म्हणावं, तुझ्या आईला पाहुणी व्हायचं नाही, आणि तुझ्या मावशीला कुणीतरी चूक काढायला हवं आहे.

आता व्यवस्था. १ एप्रिलला ईस्टरआधीचा झावळ्यांचा रविवार आहे. माझा रविवार, तुझा शनिवार. मिस्सेला लोसाला सांगून तुझ्यासाठीही झावळी ठेवली आहे. विमान बारा चाळीसला. त्याच पहाटे सरकार उन्हाळ्यासाठी पुढे नेलेली घड्याळं एक तास मागे आणणार आहे, म्हणजे मला वाट बघायला एक तास जास्त मिळेल. मी त्या विमानाला येईन. तू त्यात नसलीस, तर सोमवारच्या विमानालाही येईन. तू कुठलंही कॅलेंडर धर. दगड दोन्ही दिवस तापतील. पोरींना हसायचं तर हसू देत.

परंतु हे सगळं तोंडी चालणार नाही. फिलिपोच्या सांगण्यावर माझा विश्वास नाही. तो खिसा उलटा करतो आणि लोकांना रडवतो. मला लेखी उत्तर हवं आहे, तुझ्या अक्षरात, तुझ्या सहीचं. ‘येते’ किंवा ‘येत नाही’, एवढंच. दोन वाक्यांची सवय आहेच तुला; एक शब्द पुरेल. फिलिपोचं जहाज माझ्या शनिवारी, ३१ मार्चला दुपारी धक्क्याला लागतं. तू पत्र त्याच्या हाती देशील तेव्हा तुझ्याकडे शुक्रवार असेल, तारीख तीस. माझा असाच एक शुक्रवार, तीस तारखेचा, मला न विचारता नेला गेला. तुझ्याकडे एक आहे. तो मला दे.

शनिवार, ३१ मार्च २०१२, संध्याकाळी सहा वाजता इथं प्रार्थनेची घंटा होते. उत्तर त्याआधी माझ्या हातात पडलं पाहिजे. मुदत वाढवून मिळणार नाही.

तुझी ताई
पेलेनातेते